स्वमग्न व्यक्तीचा उद्रेक : ओळख आणि आधार

लग्नाचा हॉल, एस.टी. स्टँड, दवाखान्याची रांग, शाळेचे स्नेहसंमेलन किंवा विहारातील कार्यक्रम. जेथे माणसे जमतात तेथे एक दृश्य अधूनमधून सर्वांच्याच पाहण्यात येते. आठ-दहा वर्षांचे चांगले धडधाकट मूल एकाएकी कान झाकून किंचाळू लागते, जमिनीवर अंग टाकते, डोके भिंतीवर आपटते, जवळ येणाऱ्याला चावते. आई ओशाळवाण्या चेहऱ्याने त्याला उचलून बाहेर नेते. मागे राहिलेल्यांची चर्चा बहुधा दोनच वाटांनी जाते. "पोराला वळण नाही, एक ठेवून दिली असती तर गप्प बसलं असतं," ही एक वाट. "बाहेरचं काहीतरी असेल, कुणाला तरी दाखवा," ही दुसरी. पुढच्या कार्यक्रमाला ती आई येत नाही. त्याच्या पुढच्यालाही येत नाही. हळूहळू ते कुटुंब आमंत्रणाच्या यादीत नावापुरते उरते.

या दोन्ही वाटा चुकीच्या आहेत आणि दोन्हींमुळे मुलांचे अतोनात नुकसान होते. अशा मुलांपैकी अनेक मुले स्वमग्न असतात, आणि आपण जे पाहतो तो हट्ट नसून उद्रेक असतो. इंग्रजीत त्याला 'मेल्टडाऊन' म्हणतात. तो का होतो, त्या वेळी जवळच्या माणसाने काय करावे व काय कदापि करू नये, याची माहिती समाजबांधवांना आणि विशेषतः विद्यार्थ्यांना व्हावी, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

स्वमग्नता म्हणजे काय?

स्वमग्नता, म्हणजेच ऑटिझम, हा आजार नव्हे. तो साथीने येत नाही, औषधाने जात नाही. मेंदूची जडणघडणच जन्मापासून थोडी वेगळी असते. त्यामुळे बोलणे, इतरांशी देवाणघेवाण करणे, बदल स्वीकारणे आणि आवाज, उजेड, स्पर्श, वास या संवेदना झेलणे यांची रीत वेगळी होते. १९२५ साली सोव्हिएत रशियातील डॉ. ग्रुन्या सुखारेवा यांनी अशा मुलांचे वर्णन केले होते. १९४३ साली अमेरिकेत बाल्टिमोर येथे डॉ. लिओ कॅनर यांनी ११ मुलांच्या नोंदी प्रसिद्ध केल्या आणि पुढच्याच वर्षी व्हिएन्ना येथील डॉ. हान्स अ‍ॅस्पर्गर यांचा निबंध आला.

त्यानंतर बराच काळ या स्थितीचा दोष आईच्या माथी मारला गेला. आईने माया केली नाही म्हणून मूल असे झाले, असे मोठमोठे तज्ज्ञ म्हणत. १९६४ साली बर्नार्ड रिमलँड यांनी आपल्या ग्रंथात हे मत खोडून काढले व कारण मेंदूच्या घडणीत असल्याचे मांडले. ते स्वतः एका स्वमग्न मुलाचे वडील होते. १९७९ साली इंग्लंडमध्ये डॉ. लोर्ना विंग आणि ज्युडिथ गुल्ड यांच्या पाहणीतून स्पष्ट झाले की, स्वमग्नता एकाच साच्याची नसते. कोणी अजिबात बोलत नाही, तर कोणी पदवीधर होऊन नोकरी करतो. पण दोघांच्या अडचणींची जात एकच असू शकते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार २०२१ साली जगात सुमारे १२७ व्यक्तींमागे एक व्यक्ती स्वमग्न होती. म्हणजे हजारभर माणसांच्या वस्तीत अशा सात-आठ व्यक्ती असणे स्वाभाविक आहे. त्या आपल्याला दिसत नसतील, तर त्या घरात बसवल्या गेल्या आहेत किंवा त्यांना कोणी ओळखलेले नाही, असेच समजावे.

उद्रेक कसा घडतो?

आपण गर्दीत बसून शेजाऱ्याशी बोलतो तेव्हा पंख्याची घरघर, मागच्यांची कुजबुज, सदऱ्याच्या कॉलरचे टोचणे, उदबत्तीचा वास हे सर्व मेंदू परस्पर बाजूला सारतो. आपल्याला ते जाणवतही नाही. अनेक स्वमग्न व्यक्तींच्या मेंदूला ही चाळणी नीट लावता येत नाही. सगळे आवाज सारख्याच जोराने आत येतात आणि सवयीने ते बोथटही होत नाहीत. २०१३ सालापासून अमेरिकन मानसोपचार संघटनेने संवेदनांमधील हे वेगळेपण स्वमग्नतेच्या निकषांतच समाविष्ट केले आहे.

टेंपल ग्रँडिन या अमेरिकेतील पशुविज्ञानाच्या प्राध्यापिका स्वतः स्वमग्न आहेत. शाळेची घंटा वाजली की दातांच्या डॉक्टरचे यंत्र थेट नसेला लागावे तशी वेदना होई, असे त्यांनी आपल्या बालपणाविषयी सांगितले आहे. घंटा तीच, मुलेही त्याच वर्गातली. पण बाकीच्यांना ती सुट्टीची खूण आणि एकीला शारीरिक इजा.

यात आणखी भर पडते. रोजचा रस्ता बंद असतो, ठरलेली वेळ टळते, पाहुणे न सांगता येतात. काय होते आहे हे सांगायला शब्द सापडत नाहीत. भूक लागली आहे की पोट दुखते आहे, हेही अनेकांना स्वतःला नीट कळत नाही.

घरातील विजेचे उदाहरण घ्या. एकाच लाईनवर इस्त्री लावली, मिक्सर लावला, पाण्याचा हीटर लावला. तोवर सारे चालते. मग कोणीतरी साधा दिवा लावतो आणि फ्यूज उडतो. आपण त्या दिव्याला दोष देत नाही. एकूण भार जास्त झाला हे आपल्याला कळते. स्वमग्न मुलाच्या बाबतीत मात्र आपण नेमका दिवाच पाहतो. "नुसती चप्पल बदल म्हटलं तर एवढा तमाशा!" असे म्हणतो. चप्पल हा शेवटचा दिवा असतो. सकाळपासूनची इस्त्री, मिक्सर आणि हीटर आपल्या लक्षातच आलेले नसतात.

भार असह्य झाला की शरीर संकटात सापडल्यासारखे वागू लागते. रक्तात अ‍ॅड्रेनलिन वाढते, हृदयाचे ठोके वाढतात, स्नायू ताठरतात. पळ किंवा लढ, एवढेच शरीराला कळते. विचार करणारा व भाषा समजणारा मेंदूचा भाग त्या वेळी मागे पडतो. म्हणूनच एरवी नीट बोलणारी व्यक्तीही उद्रेकात बोलू शकत नाही आणि तिला केलेला उपदेश तिच्यापर्यंत पोहोचत नाही.

हट्ट आणि उद्रेक

हा फरक ध्यानात ठेवणे अत्यंत महत्त्वाचे आहे. हट्टाला हेतू असतो. मुलाला खेळणे हवे असते. ते रडता रडता आई पाहते आहे की नाही याचा अंदाज घेते, स्वतःला लागणार नाही याची काळजी घेते आणि खेळणे मिळताच थांबते. उद्रेकाला असा हेतू नसतो. कोणी पाहो न पाहो, तो चालू राहतो. मुलाला स्वतःच्या इजेचे भान नसते. मागितलेली वस्तू दिली तरी तो थांबत नाही, कारण प्रश्न वस्तूचा नसतोच. हट्टापुढे नमू नये हा नियम ठीक आहे. पण तोच नियम उद्रेकाला लावणे म्हणजे ताप आलेल्या मुलाला तापाबद्दल शिक्षा करण्यासारखे आहे.

उद्रेकाचे एक मुके रूपही आहे. काही व्यक्ती ओरडत नाहीत. त्या मिटून जातात. बोलणे बंद होते, नजर स्थिर होते, कोपऱ्यात किंवा टेबलाखाली जाऊन बसतात, हाक मारली तरी हलत नाहीत. याला 'शटडाऊन' म्हणतात. शाळेत आणि कचेरीत याला आळस, घमेंड किंवा उर्मटपणा समजले जाते. आतला ताण मात्र तेवढाच असतो.

आधीच्या खुणा

उद्रेक बहुधा एकदम येत नाही. आधी काही मिनिटे, कधी काही तास, खुणा दिसतात. मूल येरझाऱ्या घालते, हात फडफडवते, एकच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारते, कानावर हात ठेवते, कपडे ओढते, चेहरा लाल होतो, एरवीपेक्षा मोठ्याने किंवा अगदी कमी बोलू लागते. प्रत्येकाची खूण वेगळी असते व ती सर्वांत आधी आईला किंवा आजीला कळते. सावरण्याची खरी वेळ हीच. या वेळी बाहेर मोकळ्या जागेत नेले, काम थांबवले, पाणी दिले, तर अनेकदा उद्रेक टळतो. हात फडफडवणे किंवा अंग डोलवणे ही त्या व्यक्तीची स्वतःला शांत करण्याची रीत असते. "हात खाली" म्हणून ती बंद पाडली, तर वाफ जायची शिट्टीच दाबून धरल्यासारखे होते.

उद्रेक सुरू झाल्यावर काय करावे?

१. प्रथम स्वतः शांत व्हावे. आपला आवाज चढला की भारात भरच पडते.

२. आजूबाजूची गर्दी हटवावी. बघ्यांनी पांगणे ही त्या वेळी सर्वांत मोठी मदत होय. कोणीही मोबाईलवर चित्रीकरण करू नये.

३. भार कमी करावा. ध्वनिक्षेपक, टीव्ही, मिक्सर बंद करावा. डोळ्यांवर येणारा दिवा मालवावा.

४. इजा होईल अशा वस्तू दूर कराव्यात. काच, कात्री, गरम भांडी, उघडी खिडकी, जिना यांकडे लक्ष द्यावे. डोके आपटत असल्यास मधे उशी, दुमडलेली चादर किंवा दप्तर धरावे.

५. थोडे अंतर ठेवून, शक्यतो बाजूला, खाली बसावे. समोर उभे राहून डोळ्यांत डोळे घालू नयेत.

६. कमीत कमी बोलावे. "मी इथे आहे. घाई नाही." एवढे दोन-तीन शब्द हळू आवाजात पुरे. प्रश्न विचारू नयेत.

७. एकाच माणसाने सूत्रे हाती घ्यावीत. मामा, काका, आत्या सर्वांनी एकाच वेळी सूचना देऊ नयेत.

८. वाट पाहावी. फ्यूज उडाल्यावर तो पुन्हा बसवायला वेळ लागतो. घाई केली तर तो पुन्हा उडतो.

काही व्यक्तींना घट्ट मिठी, जड गोधडी यांचा आधार वाटतो, तर काहींना साधा स्पर्शही त्या क्षणी चटक्यासारखा लागतो. टेंपल ग्रँडिन यांनी तरुणपणी स्वतःसाठी अंगावर दाब देणारे एक यंत्र तयार केले. गुरांना टोचताना ज्या चौकटीत धरतात तिच्यात ती शांत होतात, हे त्यांनी मावशीच्या पशुपालन केंद्रावर पाहिले होते. परंतु त्या यंत्राचा दाब किती व केव्हा, हे त्या स्वतः ठरवीत. त्यातला धडा हाच की, स्पर्श त्या व्यक्तीच्या पसंतीने असावा. ती पसंती शांत वेळी जाणून घ्यावी.

त्रयस्थ माणसानेही हातावर हात ठेवून बसू नये. आईजवळ जाऊन हळूच विचारावे, "ताई, काही मदत हवी का? दार उघडून देऊ का? लहानग्याला मी सांभाळू का?" सल्ला देऊ नये. ही तीन वाक्ये त्या आईला पुढच्या कार्यक्रमाला यायचे बळ देतात.

काय करू नये?

मारू नये. मारामुळे मूल गप्प झालेले दिसले तरी ते शिकलेले नसते, घाबरलेले असते. आणि भीती हा आणखी एक भारच आहे. चारचौघांत लाजवू नये. "पोलिसांना बोलावते" अशा धमक्या देऊ नयेत.

बळाने दाबून धरू नये. विशेषतः पालथे पाडून पाठीवर बसणे, छातीवर किंवा मानेवर भार देणे यामुळे श्वास कोंडून मृत्यू ओढवू शकतो. मूल रस्त्यावर गाडीसमोर धावत असेल तर त्याला ओढून वाचवावेच लागेल. पण धोका टळताच पकड सोडावी.

बाबा, मांत्रिक, देवऋषी यांच्याकडे नेऊ नये. मिरचीची धुरी देणे, साखळीने बांधणे, चाबकाने मारणे असे प्रकार भूत उतरवण्याच्या नावाखाली आजही कानावर येतात. महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने हे सर्व गुन्हे ठरवले आहेत. ज्याला धुराचा साधा वासही सोसत नाही, अशा मुलाला धुरी देणे किती क्रूर आहे याची कल्पना करावी.

उद्रेकानंतर

उद्रेक ओसरला की शरीर गळून जाते. मूल झोपते, रडते किंवा एकटे बसते. काय घडले हे काहींना आठवत नाही. काहींना आठवते आणि ते मनातून खजील होतात. लगेच जाब विचारू नये, माफी मागायला लावू नये. पाणी, आवडीचे खाणे, अंधारी शांत खोली द्यावी. बोलायचेच असेल तर दुसऱ्या दिवशी, थोडक्यात व दोष न देता बोलावे. आईवडिलांनाही विश्रांतीची गरज असते, हे घरातील इतरांनी विसरू नये. एखाद्या काकूने तासभर मुलाजवळ बसणे, हे दहा सल्ल्यांपेक्षा मोलाचे आहे.

नोंदवही ठेवा

एक साधी शंभर पानी वही घ्यावी. प्रत्येक उद्रेकानंतर पाच गोष्टी लिहाव्यात : दिवस व वेळ, जागा, आधी काय काय घडले, किती वेळ चालला, कशाने शांत झाला. महिनाभरात सूत्र दिसू लागते. समजा, एखाद्या मुलाचे उद्रेक मंगळवारी व शुक्रवारी सायंकाळीच होतात. घरी तर त्या दिवशी काही वेगळे नसते. शाळेत चौकशी केल्यावर कळते की, त्याच दिवशी शेवटच्या तासाला मैदानात बँडचा सराव असतो. आता उपाय सुचतो : त्या तासाला ग्रंथालयात बसू द्यावे, घरी आल्यावर तासभर कोणी काही विचारू नये. वहीशिवाय हे मूल 'आठवड्यातून दोनदा बिघडणारे' म्हणूनच ओळखले गेले असते.

उद्रेक अचानक वाढले तर प्रथम शारीरिक दुखणे तपासावे. दातदुखी, कानदुखी, बद्धकोष्ठ, अपुरी झोप, मुलींच्या बाबतीत पाळी. जे बोलून सांगता येत नाही ते वागण्यातून बाहेर पडते. स्वमग्न व्यक्तींमध्ये अपस्माराचे, म्हणजे फिटचे, प्रमाणही इतरांपेक्षा अधिक असते. नजर हरवणे, अंगाला झटके येणे असे दिसल्यास डॉक्टरांना अवश्य दाखवावे. तीव्र चिडचिडीसाठी काही औषधे आहेत. परंतु ती स्वमग्नतेवरची औषधे नव्हेत व त्यांचे दुष्परिणामही असतात. तज्ज्ञ डॉक्टरांच्या देखरेखीशिवाय ती सुरू करू नयेत आणि मनाने बंदही करू नयेत.

विद्यार्थ्यांसाठी दोन शब्द

स्वमग्न मुले मोठी होतात. ती तुमच्या वर्गात, वसतिगृहात, पुढे तुमच्या कचेरीत असतील. बोलण्याचा शब्दशः अर्थ घेणारा, ठरलेल्या बाकावरच बसणारा, गॅदरिंगला न येणारा वर्गमित्र चेष्टेचा विषय होतो. कित्येक जण दिवसभर स्वतःला आवरून 'इतरांसारखे' वागतात आणि घरी पोहोचताच कोसळतात. त्यामुळे शिक्षक म्हणतात "शाळेत तर छान असतो" आणि दोष पुन्हा घरावर येतो. २०१२ साली इंग्लंडमधील स्वमग्न अभ्यासक डेमियन मिल्टन यांनी मांडले की, न समजण्याची अडचण दोन्ही बाजूंनी असते. स्वमग्न व्यक्तीला इतरांचे मन कळत नाही, तसे इतरांनाही तिचे कळत नाही. मग शिकण्याची सारी जबाबदारी एकाच बाजूवर का टाकावी? बेत बदलला तर आधी सांगणे, चिडवणाऱ्याला थांबवणे, मित्राला बाहेर जायचे असेल तर वाट करून देणे, एवढे प्रत्येक विद्यार्थ्याला जमण्यासारखे आहे.

कायदा आणि सोयी

१९९५ च्या अपंग व्यक्ती कायद्यात स्वमग्नतेचा उल्लेख नव्हता. १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्याने तिची दखल घेतली आणि २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यातील २१ प्रकारांत तिला स्वतंत्र स्थान मिळाले. या कायद्याप्रमाणे शाळांनी दिव्यांग मुलांना भेदभाव न करता प्रवेश द्यावयाचा आहे. परीक्षेत जादा वेळ व लेखनिक यांसारख्या सोयींची तरतूद आहे. दिव्यांग व्यक्तीचा चारचौघांत हेतुपुरस्सर अपमान करणे हा सहा महिने ते पाच वर्षे कैदेस पात्र असा गुन्हा आहे. जिल्ह्याच्या शासकीय रुग्णालयातून प्रमाणपत्र व वैश्विक ओळखपत्र मिळवावे. राष्ट्रीय न्यासाच्या निरामय योजनेत एक लाख रुपयांपर्यंत आरोग्य विम्याची सोय आहे. लहान मुलांची तपासणी राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमातून अंगणवाडीत व शाळेत होते. हा कार्यक्रम २०१३ साली आपल्या पालघर येथूनच सुरू झाला. शंका आली तर "मुलं उशिरा बोलतात, बोलेल" म्हणून वर्षे दवडू नयेत.

मंडळांनी काय करावे?

प्रत्येक संस्थेला, विनाखर्च किंवा अल्प खर्चात, पुढील गोष्टी करता येतील. कार्यक्रमाचे वेळापत्रक आधी जाहीर करावे आणि पाळावे. ध्वनिक्षेपकाची भिंत उभी करू नये. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ध्वनिक्षेपकाला बंदी घातली आहेच, पण दिवसाही आवाज माणसांना सोसेल इतकाच असावा. फटाके टाळावेत. सभागृहालगतची एक खोली शांत खोली म्हणून मोकळी ठेवावी. तेथे एक सतरंजी, पाणी आणि मंद दिवा पुरेसा आहे. दाराजवळच्या चार खुर्च्या अशा कुटुंबांसाठी राखाव्यात, म्हणजे उठून जाताना सर्वांच्या नजरा झेलाव्या लागणार नाहीत. भोजनाची रांग त्यांना माफ असावी. आणि दोन स्वयंसेवकांना या लेखातील आठ मुद्दे माहीत असावेत.

सर्वांत सोपी गोष्ट शेवटी सांगतो. आपल्या वस्तीत जे कुटुंब काही वर्षांपासून कार्यक्रमाला येईनासे झाले आहे, त्यांच्या घरी या आठवड्यात एकदा जावे. मुलाला काय सोसत नाही, काय आवडते, हे विचारून घ्यावे. आणि पुढच्या आमंत्रणासोबत सांगावे की, शांत खोली ठेवली आहे, मुलाला घेऊनच या.